पक्ष चालतो कोणाच्या सहीने आणि फुटतो कोणाच्या डोक्यांनी

२३ नोव्हेंबर २०१९. लोक सकाळी चहा घेत टीव्ही लावतात तर राजभवनात शपथविधी उरकलेला, फडणवीस मुख्यमंत्री आणि अजितदादा उपमुख्यमंत्री. त्या पहाटेच्या शपथविधीवर विनोद भरपूर झाले, मीम्स अजून फिरतात, पण सगळ्या खेळाच्या मुळाशी जे होतं त्याबद्दल फार कमी बोललं गेलं, ते म्हणजे एक पत्र. अजितदादा तेव्हा राष्ट्रवादीच्या विधिमंडळ पक्षाचे नेते होते, साध्या भाषेत गटनेते, आणि गटनेता म्हणून त्यांच्याकडे पक्षाच्या ५४ आमदारांच्या सह्यांची यादी होती, तीच राज्यपालांपर्यंत गेली. पक्षाचे अध्यक्ष शरद पवार म्हणाले हा पक्षाचा निर्णयच नाही. संध्याकाळी आमदारांची बैठक झाली, दादांना गटनेतेपदावरून काढलं, अधिकार जयंत पाटलांकडे दिले, आणि पुढचे दोन-तीन दिवस चॅनेलवाल्यांपासून पानटपरीपर्यंत एकच प्रश्न: विश्वासदर्शक ठराव आला तर व्हिप, म्हणजे मत कसं द्यायचं याचा पक्षादेश, नक्की कोणाचा चालणार? २६ तारखेला दोघांनी राजीनामे दिले आणि प्रश्न तसाच लटकून राहिला. अडीच वर्षांनी तो शिवसेनेत फुटला आणि तेव्हा मात्र थेट सुप्रीम कोर्टात गेला.

हे समजून घ्यायचं तर एक गोष्ट आधी डोक्यात पक्की करावी लागते. प्रत्येक मोठ्या पक्षात दोन वेगवेगळ्या यंत्रणा असतात. एक संघटना, म्हणजे अध्यक्ष, सरचिटणीस, कार्यकारिणी, प्रदेशाध्यक्ष, जिल्हाध्यक्ष, खाली बूथपर्यंत. दुसरी म्हणजे निवडून आलेल्या लोकांचा गट, दिल्लीत संसदीय पक्ष आणि राज्यात विधिमंडळ पक्ष, ज्याचा नेता असतो गटनेता आणि शिस्त बघणारा असतो प्रतोद. माणसं बरीचशी तीच असतात, त्यामुळे एरवी फरक कळतही नाही. पण ताकद येते दोन वेगळ्या ठिकाणांहून. संघटनेची ताकद सहीत असते आणि गटाची ताकद डोक्यांत, म्हणजे किती डोकी तुमच्या बाजूने मोजली जातात त्यात. माझं मत विचाराल तर गेल्या काही वर्षांत महाराष्ट्रात जे काही झालं ते सगळं या दोन गोष्टींच्या भांडणात बसतं, बाकी खोके-बोके वगैरे वरची फोडणी.

आधी संघटनेकडे बघू. काँग्रेसमध्ये कागदावरची रचना अशी की खालून ब्लॉक, जिल्हा, मग प्रदेश काँग्रेस कमिटी, आणि प्रदेश कमिट्यांचे जे प्रतिनिधी असतात ते पक्षाध्यक्ष निवडतात. त्याच प्रतिनिधींमधून आठातला एक या हिशोबाने अखिल भारतीय काँग्रेस कमिटी बनते, आणि सगळ्यात वर कार्यसमिती, जिला सगळे सीडब्ल्यूसी म्हणतात. ऑक्टोबर २०२२ मध्ये खर्गे विरुद्ध थरूर अशी निवडणूक झाली, खर्गेंना ७,८९७ आणि थरूरांना १,०७२ मतं. म्हणजे देशभरात कोट्यवधी मतं मागणाऱ्या पक्षाचा अध्यक्ष नऊ हजारांच्या आसपास लोक ठरवतात. १९९७ ला आपले पवारसाहेबही या रिंगणात उतरले होते, सीताराम केसरींना ६,२२४ मतं पडली आणि पवारांना ८८२, राजेश पायलट त्याहून मागे. केसरींना दिल्लीबाहेर गर्दी जमवता येत नव्हती पण प्रतिनिधींच्या याद्या कशा बनतात हे त्यांना पाठ होतं, वर्षानुवर्षं पक्षाचे खजिनदार होते ते!

कार्यसमितीत निम्म्या जागा निवडणुकीने भराव्यात असं काँग्रेसची घटना सांगते, पण प्रत्यक्षात तसं क्वचितच झालं. १९९२ ला तिरुपतीच्या अधिवेशनात खरोखर निवडणूक झाली, अर्जुन सिंग आणि पवार दणक्यात निवडून आले, आणि निवडून आलेल्यांत दलित नाही, महिला नाही असं कारण पुढे करून नरसिंह रावांनी सगळ्या निवडून आलेल्यांना राजीनामे द्यायला लावले आणि त्यांना पुन्हा स्वतःच्या सहीने नेमलं. आता विचार करा, माणसं बऱ्यापैकी तीच, पण आधी ती प्रतिनिधींच्या मतांवर बसली होती, आता अध्यक्षांच्या मर्जीवर. रावसाहेब उगाच चाणक्य म्हणवले जात नव्हते. २०२३ च्या रायपूर अधिवेशनात तर कार्यसमितीचा आकडा ३५ पर्यंत वाढवला आणि निवडणूक न घेता सगळे अधिकार खर्गेंना देऊन टाकले.

भाजपची घडण वेगळी आहे. तिथे राष्ट्रीय परिषद, राष्ट्रीय कार्यकारिणी, आणि त्याच्या वर खरी सत्ता असलेलं संसदीय बोर्ड. नावामुळे गोंधळ होतो, पण संसदीय बोर्ड म्हणजे खासदारांचा गट नव्हे, ती संघटनेची सर्वोच्च समिती, अध्यक्ष धरून अकरा जण. मुख्यमंत्री कोण, युती कोणाशी, हे तिथे ठरतं. तिकीटवाटप ठरवते केंद्रीय निवडणूक समिती, जिच्यात बोर्डाचे सगळे सदस्य आणि वर आणखी काही. ऑगस्ट २०२२ मध्ये नितीन गडकरींना बोर्डातून वगळलं आणि त्याच वेळी देवेंद्र फडणवीसांना निवडणूक समितीत घेतलं, तेव्हा नागपुरात ज्यांना ही रचना माहीत होती त्यांना बातमीचा अर्थ लगेच कळला, बाकीचे म्हणत होते गडकरी मंत्री तर आहेतच की. अध्यक्षाची मुदत तीन वर्षांची, निवड कागदावर निवडणुकीने, पण उमेदवार एकच असतो त्यामुळे मतपेटीची वेळ येत नाही. आणि अध्यक्षाच्या बाजूला एक पद असतं ज्याकडे बाहेरच्यांचं लक्ष जात नाही, संघटन सरचिटणीस, राज्यात संघटन मंत्री. हा माणूस साधारणपणे संघाचा प्रचारक असतो, स्वतः निवडणूक लढवत नाही, आणि म्हणूनच आमदार-खासदार त्याला टरकून असतात, कारण ज्याला काही नको त्याला खूश करणार कसं.

डाव्यांकडे गाडी पूर्ण उलटी. माकपमध्ये दर तीन वर्षांनी पक्ष काँग्रेस भरते, ती केंद्रीय समिती निवडते, समिती पॉलिट ब्युरो आणि सरचिटणीस निवडते. एप्रिल २०२५ ला मदुराईत एम. ए. बेबी सरचिटणीस झाले. तिथे निवडून आलेला नेता कितीही मोठा असला तरी समितीच्या खालीच. १९९६ ला संयुक्त आघाडीवाले ज्योती बसूंना पंतप्रधानपद द्यायला तयार, बसूही अनुकूल, आणि केंद्रीय समितीने बहुमताने नाही म्हटलं. बसूंनी नंतर याला ऐतिहासिक घोडचूक म्हटलं पण समितीचा आदेश मोडला नाही. २००८ मध्ये अणुकरारावरून डाव्यांनी मनमोहन सिंगांचा पाठिंबा काढला तेव्हा सोमनाथ चटर्जी लोकसभेचे अध्यक्ष होते, पक्ष म्हणाला पद सोडा, ते म्हणाले अध्यक्षाला पक्ष नसतो, आणि विश्वासदर्शक ठराव झाल्याच्या दुसऱ्या दिवशी पक्षाने त्यांना काढून टाकलं, दहा वेळा लोकसभेवर निवडून गेलेल्या माणसाला.

आता सहीचं बघू, कारण संघटनेचा खरा दांडपट्टा तोच. निवडणुकीत ज्याला एबी फॉर्म म्हणतात ते दोन कागद असतात. ए फॉर्ममध्ये पक्ष कळवतो की उमेदवाऱ्या वाटायचा अधिकार अमुक पदाधिकाऱ्याला दिलाय आणि ही त्याची सही ओळखून घ्या. बी फॉर्ममध्ये तो पदाधिकारी सांगतो की या मतदारसंघात आमचा माणूस हा. हे दोन्ही अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी दुपारी तीनच्या आत निवडणूक अधिकाऱ्याकडे पोचले पाहिजेत, शाईच्या सहीसकट, झेरॉक्स चालत नाही. तुम्ही तीस वर्षं पक्षाचं काम केलं असेल, तालुका तुमच्या मुठीत असेल, पण ते कागद नसतील तर मशीनवर तुमच्या नावापुढे पक्षाचं चिन्ह येणार नाही, विषय संपला. म्हणून तिकिटांच्या दिवसांत सगळे इच्छुक अध्यक्षांच्या दारात, आणि म्हणून निवडणुकीपर्यंत संघटना गटापेक्षा कितीतरी ताकदवान असते.

निकाल लागला की मात्र वारं फिरायला लागतं. निवडून आलेल्यांची पहिली बैठक होते, त्यात नेता निवडायचा असतो. सत्ताधारी पक्षात हाच पुढे मुख्यमंत्री, त्यामुळे बैठकीला दिल्लीहून निरीक्षक येतात. डिसेंबर २०२४ ला भाजपच्या बैठकीसाठी निर्मला सीतारामन आणि विजय रूपाणी आले होते, फडणवीसांचं नाव एकमताने ठरलं, ४ तारखेला निवड आणि ५ ला शपथ. काँग्रेसमध्ये याहून गमतीदार प्रथा आहे, एका ओळीचा ठराव. आमदार जमतात आणि ठराव करतात की नेता ठरवायचा अधिकार आम्ही पक्षाध्यक्षांना देत आहोत. म्हणजे ज्या गटाला नेता निवडायचा हक्क आहे तोच गट पहिलं काम हे करतो की तो हक्क काढून दुसऱ्याच्या हातात देतो. १९८२ ला अंतुले गेल्यावर बाबासाहेब भोसले मुख्यमंत्री झाले, तेव्हा आमदारांपैकी कोणाच्या मनात ते नाव होतं असं जुने पत्रकारसुद्धा सांगत नाहीत, इंदिराबाईंच्या मनात होतं एवढं पुरलं. २०१० ला आदर्श प्रकरणानंतर पृथ्वीराज चव्हाण दिल्लीतून आले तेव्हा ते इथे आमदारसुद्धा नव्हते, नंतर विधान परिषदेवर गेले.

म्हणजे आमदारांच्या मताला किंमत शून्य असं मात्र नाही. १९६६ ला शास्त्रीजींच्या निधनानंतर काँग्रेसच्या खासदारांनी खरंखुरं मतदान करून इंदिरा गांधींना निवडलं, मोरारजींना १६९ आणि त्यांना ३५५. पण गंमत बघा, त्यांना पुढे करणारे होते कामराज, म्हणजे पक्षाचे अध्यक्ष, संघटनेचा माणूस, आणि त्यांना वाटलं होतं की ही बाई आपल्या ऐकण्यात राहील. तीन वर्षांत संघटनेतले जुने नेते एका बाजूला आणि पंतप्रधान दुसऱ्या बाजूला. नोव्हेंबर १९६९ ला अध्यक्ष निजलिंगप्पांनी देशाच्या पंतप्रधानाला पक्षातून काढलं. सही त्यांच्याकडे होती ना. पण खासदार गेले इंदिराबाईंबरोबर, आणि अखिल भारतीय कमिटीतलेही बहुसंख्य त्यांच्याच बाजूला. भांडण बैलजोडीच्या चिन्हावरून निवडणूक आयोगाकडे आणि तिथून सुप्रीम कोर्टात गेलं, सादिक अली खटला, निकाल १९७१ चा. कोर्टाने सांगितलं की अशा वादात आकडे मोजणं ही रास्त कसोटी आहे, गटातले आकडे आणि संघटनेतले आकडे दोन्ही. आजही आयोग पक्षफुटीत याच निकालाचा आधार घेतो, १९६८ च्या चिन्हांच्या आदेशातला परिच्छेद १५ आणि हा खटला. दोन्हीकडचे आकडे मोजायचे होते हे मात्र लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

त्याआधीसुद्धा ही ओढाताण झालेली आहे. स्वातंत्र्यानंतर लगेच कृपलानी अध्यक्षपद सोडून गेले कारण सरकार पक्षाला विचारत नाही अशी त्यांची तक्रार होती, १९५० ला पुरुषोत्तमदास टंडन नेहरूंच्या मनाविरुद्ध अध्यक्ष झाले आणि वर्षभरात त्यांना जावं लागलं, मग नेहरू स्वतःच अध्यक्ष बनले. सत्तेत असताना पंतप्रधान भारी, सत्ता गेली की अध्यक्ष भारी, हे तेव्हापासूनच.

आता प्रतोद आणि व्हिप. सभागृहात पक्षाची माणसं हजर ठेवणं, कोण बोलणार त्याची यादी देणं, कामकाज सल्लागार समितीत वेळ भांडून घेणं, हे प्रतोदाचं रोजचं काम, तसं कंटाळवाणं. व्हिप म्हणजे त्याच्यामार्फत निघणारा पक्षादेश. एका ओळीचा व्हिप म्हणजे मतदान आहे एवढी कल्पना, दोन ओळींचा म्हणजे हजर रहा, तीन ओळींचा म्हणजे हजर रहा आणि सांगतो तसंच मत द्या. पूर्वी याला नैतिक वजनापलीकडे काही नव्हतं. १९८५ ला राजीव गांधींच्या काळात ५२ वी घटनादुरुस्ती झाली, पक्षांतरबंदीचं दहावं परिशिष्ट आलं आणि व्हिपला दात फुटले. आता पक्षादेश मोडून मत दिलं किंवा गैरहजर राहिलात आणि पक्षाने पंधरा दिवसांत माफ केलं नाही तर आमदारकी जाऊ शकते. पक्षाचं सदस्यत्व स्वतःहून सोडलं तरी जाते, आणि सोडलं म्हणजे लेखी राजीनामाच पाहिजे असं नाही, वागण्यातूनही ते ठरवता येतं. फैसला करतो अध्यक्ष, म्हणजे सभागृहाचा अध्यक्ष, जो स्वतः कुठल्या तरी पक्षाचा असतो (यावर काय बोलणार). सुरुवातीला एक तृतीयांश लोक फुटले तर ती फूट मानून सूट होती, २००३ च्या ९१ व्या दुरुस्तीने ती काढली, आता फक्त दोन तृतीयांश लोकांनी दुसऱ्या पक्षात विलीन होणं एवढीच वाट कायद्यात उरली आहे.

सगळ्या मतदानाला व्हिप लागत नाही हेही बऱ्याच जणांना माहीत नसतं. राष्ट्रपतीच्या निवडणुकीत व्हिप नसतो. राज्यसभेला आमदाराला आपली मतपत्रिका पक्षाच्या एजंटाला दाखवावी लागते पण वेगळं मत दिलं म्हणून या कायद्याने अपात्र होत नाही, आणि विधान परिषदेला तर मतदान गुप्तच. २० जून २०२२ ला परिषदेची निवडणूक झाली, भाजपचे पाचही उमेदवार आले, काँग्रेसचे चंद्रकांत हंडोरे पडले, मतं कोणाची फुटली ते शोधायला बसेपर्यंत एकनाथ शिंदे सुरतेच्या रस्त्याला लागलेले.

इथून पुढचं जरा सावकाश वाचा, कारण सगळी गुंतागुंत इथेच आहे. शिंदे तेव्हा शिवसेनेचे गटनेते होते, ३१ ऑक्टोबर २०१९ पासून, आणि प्रतोद होते सुनील प्रभू. २१ जूनला मुंबईत उद्धव ठाकरेंनी बैठक घेतली, शिंदेंना काढून अजय चौधरींना गटनेता केलं, विधानसभेचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ यांनी त्याला मान्यता दिली. त्याच दिवशी तिकडे शिंदेंबरोबरच्या आमदारांनी ठराव केला की गटनेते शिंदेच आणि प्रतोद आता भरत गोगावले. एका पक्षाचे दोन गटनेते आणि दोन प्रतोद, एकीकडे पक्षप्रमुखाची सही आणि दुसरीकडे डोकी. २९ जूनला ठाकरेंनी राजीनामा दिला, ३० ला शिंदेंनी शपथ घेतली, ३ जुलैला राहुल नार्वेकर विधानसभेचे अध्यक्ष झाले आणि त्यांनी गोगावलेंना मान्यता दिली. दुसऱ्या दिवशी १६४ विरुद्ध ९९ ने सरकारने विश्वास जिंकला. दोन्ही प्रतोदांनी व्हिप काढलेले, म्हणजे शिवसेनेचा कुठलाही आमदार कसाही वागला तरी कोणाचा ना कोणाचा व्हिप मोडतच होता.

११ मे २०२३ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने निकाल दिला, सरन्यायाधीश चंद्रचूड होते. दहाव्या परिशिष्टात राजकीय पक्ष वेगळा आणि विधिमंडळ पक्ष वेगळा, आणि गटनेता व प्रतोद नेमायचा अधिकार राजकीय पक्षाचा, आमदारांच्या गटाचा नाही, असं कोर्टाने स्पष्ट सांगितलं. म्हणून आमदारांच्या ठरावावरून गोगावलेंना दिलेली मान्यता बेकायदा ठरली. राज्यपालांनी बहुमत चाचणी बोलावणंही चुकीचं ठरलं, पण ठाकरे चाचणीला सामोरे न जाता राजीनामा देऊन बसले होते त्यामुळे त्यांचं सरकार परत आणता येणार नाही. ऐकून त्या दिवशी दोन्ही बाजूंनी पेढे वाटले. खरं तर २०१९ च्या नोव्हेंबरात लटकलेल्या प्रश्नाचं उत्तर मिळालं होतं: सही मोठी, डोकी नंतर.

पण मग सही कोणाची हे कसं ठरवायचं? कोर्ट म्हणालं की विधानसभेच्या अध्यक्षांनी पक्षाची घटना बघावी, वाद सुरू व्हायच्या आधी निवडणूक आयोगाकडे जमा असलेली, आणि पक्षातली नेतृत्वाची रचना बघावी, नुसते आमदार मोजून निर्णय देऊ नये. आणि इथे शिवसेनेची अडचण झाली. आयोगाच्या दप्तरात जी घटना सापडली ती १९९९ ची. २०१८ ला दुरुस्ती करून पक्षप्रमुख हे पद आणि त्याचे अधिकार आणले होते असं ठाकरे गटाचं म्हणणं, पण ती घटना आपल्या रेकॉर्डवर नाही असं आयोगाने सांगितलं. आयोगाने त्याआधीच, १७ फेब्रुवारी २०२३ ला, नाव आणि धनुष्यबाण शिंदेंना देताना हाच धागा पकडला होता: पक्षाच्या घटनेवर विसंबून राहता येत नाही, संघटनेतले लोक निवडून आलेले नसून नेमलेले आहेत त्यामुळे त्यांची मोजदादही निरुपयोगी, मग उरतं काय तर आमदार-खासदार, ५५ पैकी ४० आमदार आणि १८ पैकी १३ खासदार शिंदेंकडे. सादिक अलीत दोन्ही तागड्यांत वजन टाकलं होतं, इथे एक तागडी रिकामीच निघाली.

नार्वेकरांचा निकाल आला १० जानेवारी २०२४ ला. त्यांनी १९९९ ची घटना धरली, तिच्यात पक्षप्रमुखाला एकट्याने कोणाला काढायचा अधिकार दिसत नाही, अंतिम शब्द राष्ट्रीय कार्यकारिणीचा, आणि २०१८ ची रचना त्या घटनेशी जुळत नाही. मग खरा पक्ष कोण हे ठरवायला उरलं विधिमंडळातलं बहुमत, तेव्हा शिंदेंची शिवसेना खरी आणि गोगावलेंची नेमणूकही वैध. ठाकरे गटाचे आमदारही अपात्र केले नाहीत, कारण व्हिप नीट बजावलाच गेला नव्हता. कोर्टाने पुढच्या दाराने बाहेर काढलेली डोकी मागच्या दाराने आत आली, असं मला वाटतं, पण एक गोष्ट मान्य करावी लागेल की दार उघडं पक्षानेच ठेवलं होतं. संघटनेच्या निवडणुका घ्यायच्या, इतिवृत्त लिहायचं, घटनेची प्रत आयोगाला देऊन पोच घ्यायची, ही कारकुनी कामं कोणी गंभीरपणे घेत नाही, कारण साहेबांचा शब्द हाच पक्ष अशी सगळीकडे समजूत. जिल्ह्यातल्या साध्या दूध संस्थेची फाइल याहून नीट असते, कारण तिथे दरवर्षी ऑडिटर येतो.

राष्ट्रवादीत जुलै २०२३ ला तेच पुन्हा झालं. अजितदादांच्या बाजूने ३० जूनचा ठराव दाखवला गेला की अध्यक्ष आता तेच, इकडे शरद पवार म्हणतात अध्यक्ष मी. आयोगाने ६ फेब्रुवारी २०२४ ला निर्णय दिला, संघटनेतल्या निवडणुकांबद्दल शंका, म्हणून पुन्हा विधिमंडळातलं बहुमत, घड्याळ दादांकडे. साहेबांना तुतारी फुंकणारा माणूस मिळाला.

गोव्यात तर डोक्यांचा प्रकार आणखी सरळ आहे. २०१९ च्या जुलैत काँग्रेसच्या १५ पैकी १० आमदारांनी भाजपमध्ये विलीन झाल्याचं जाहीर केलं. काँग्रेस म्हणाली आमचा पक्ष कुठे विलीन झालाय, तो तर इथेच आहे. फेब्रुवारी २०२२ ला मुंबई हायकोर्टाच्या गोवा खंडपीठाने आमदारांच्या बाजूने कौल दिला, गटातले दोन तृतीयांश गेले की पुरे, मूळ पक्ष विलीन व्हायची गरज नाही. त्याच्या थोडंसं आधी काँग्रेसने आपल्या उमेदवारांना देवळात, क्रॉससमोर आणि दर्ग्यात नेऊन पक्ष सोडणार नाही अशा शपथा घ्यायला लावल्या होत्या. निवडून आलेल्या ११ पैकी ८ सप्टेंबरात भाजपमध्ये गेले, दिगंबर कामत आणि मायकल लोबो धरून. ११ चे दोन तृतीयांश म्हणजे सातहून थोडे जास्त, म्हणजे किमान आठ हवेत, आणि गेले बरोबर आठ, हिशोब चोख.

राहता राहिलं विरोधी पक्षनेतेपद, तेही डोक्यांवरच चालतं, पण मोजणारा कोण त्यावर. लोकसभेसाठी १९७७ चा कायदा आहे, त्यानुसार विरोधातल्या सगळ्यात मोठ्या पक्षाचा नेता, ज्याला अध्यक्षांनी मान्यता दिली तो विरोधी पक्षनेता. कॅबिनेट मंत्र्याचा दर्जा, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे सीबीआय संचालक, दक्षता आयुक्त, निवडणूक आयुक्त अशांच्या निवड समितीत खुर्ची. कायद्यात दहा टक्क्यांचा आकडा कुठेही नाही, तो पहिले अध्यक्ष दादासाहेब मावळंकरांच्या काळापासून चालत आलेला संकेत. त्याच संकेतावर २०१४ ला ४४ वाल्या आणि २०१९ ला ५२ वाल्या काँग्रेसला पद मिळालं नाही, २०२४ ला ९९ झाले तेव्हा राहुल गांधींना मिळालं. महाराष्ट्रात २०२४ नंतर ठाकरेंच्या शिवसेनेकडे २०, काँग्रेसकडे १६, शरद पवारांकडे १०, आणि २८८ चे दहा टक्के म्हणजे २९ हवेत. भास्कर जाधवांचं नाव दिलं गेलं, अधिवेशनं होत राहिली, खुर्ची रिकामी राहिली. दिल्लीत २०१५ ला ७० पैकी ३ आमदारांवर भाजपच्या विजेंदर गुप्तांना आपच्या अध्यक्षांनी हेच पद दिलं होतं, आणि आठ जण गेल्यावर गोव्यात ४० च्या सभागृहात काँग्रेसचे जे तीन उरले त्यातले युरी आलेमाव विरोधी पक्षनेते झाले, अध्यक्ष भाजपचे असताना.